परवाना रद्द : कोर्ट नेमके काय पाहते?

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

बंदुकीचा परवाना हा एरवी फार थोड्या घरांचा विषय. बीड जिल्ह्यात मात्र तो अलीकडे सगळ्यांचा झाला. ९ डिसेंबर २०२४ रोजी केज तालुक्यातल्या मस्साजोगचे सरपंच संतोष देशमुख यांचे अपहरण झाले आणि त्यांची निर्घृण हत्या झाली. सारा महाराष्ट्र हादरला. त्यांच्यावर गोळी झाडली गेली नव्हती, मारहाण करून त्यांना ठार मारले गेले, हे मुद्दाम सांगतो. तरीही त्या घटनेपाठोपाठ लोकांचे लक्ष गेले ते बंदुकांकडे. कमरेला पिस्तूल लावून मिरवणाऱ्यांची छायाचित्रे, हवेत गोळ्या झाडतानाच्या चित्रफिती मोबाइलवरून फिरू लागल्या. एकट्या बीड जिल्ह्यात बाराशेहून अधिक शस्त्रपरवाने असल्याचे वृत्तपत्रांत छापून आले. एवढे परवाने दिले कोणी, आणि कशासाठी, असे लोक उघड विचारू लागले. मग पोलिसांनी परवानेदारांची छाननी केली, जिल्हाधिकाऱ्यांकडे प्रस्ताव गेले आणि परवाने रद्द होऊ लागले. रद्द झालेल्यांचा आकडा शेकड्यांत गेला.

तेव्हापासून मला दोन तऱ्हेची माणसे गाठून प्रश्न विचारतात. ज्यांचा परवाना गेला ते विचारतात, "वकीलसाहेब, हायकोर्टात गेलो तर बंदूक परत मिळेल का?" आणि ज्यांनी बंदूक कधी हातातही धरली नाही ते जरा काळजीच्या सुरात विचारतात, "वकीलसाहेब, हे लोक कोर्टातून बंदुका सोडवून तर आणणार नाहीत ना?" एकाला आशा आहे, दुसऱ्याला भीती आहे. पण दोघांचीही समजूत एकच की, बंदूक कोणी बाळगावी हे कोर्ट ठरवते. तसे ते नाही. कोर्टापुढे असतो तो अधिकाऱ्याचा आदेश, आणि तपासला जातो तोही आदेशच. माणूस चांगला की वाईट, हा तिथला पहिला प्रश्न नसतो. हे नीट ध्यानात आले तर एखादी गोष्ट वरकरणी उलटी का दिसते ते कळेल. ज्याचा परवाना जायलाच हवा होता अशा माणसाच्या बाजूने कधी निकाल का लागतो, आणि एखाद्या सज्जन शेतकऱ्याची याचिका कधी का फेटाळली जाते, त्याचे उत्तर इथे आहे.

आधी मुळाशी जाऊ. बंदूक बाळगणे हा आपल्याकडे हक्क आहे का? अमेरिकेत आहे. तिथल्या राज्यघटनेच्या दुसऱ्या दुरुस्तीने तो दिलेला आहे आणि २०२२ साली तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने न्यूयॉर्क राज्याच्या परवाना कायद्याबाबत निकाल देताना तो आणखी घट्ट केला. आपल्या घटनेत असे काही नाही. अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या एका निकालात १९९३ साली शस्त्र बाळगण्याचा हक्क जगण्याच्या हक्काशी जोडला गेला होता, पण ते मत पुढे टिकले नाही. २०२३ च्या फेब्रुवारीत उत्तर प्रदेशातल्या एका जामीन अर्जाच्या सुनावणीत सर्वोच्च न्यायालयाने स्पष्टच म्हटले की, अमेरिकेसारखा शस्त्राचा मूलभूत हक्क आपल्या घटनाकारांनी कोणाला दिलेला नाही. तेव्हा आपल्याकडे परवाना म्हणजे सरकारने घातलेल्या अटींवर मिळालेली मोकळीक.

याला इतिहासाची एक कडवट किनार आहे. १८७८ सालचा इंग्रजांचा शस्त्र कायदा हा हिंदी माणसाला निःशस्त्र करण्यासाठी होता. गोऱ्यांना त्यातून सूट होती, नेटिवाला परवाना. स्वातंत्र्यापूर्वी काँग्रेसने त्याविरुद्ध वर्षानुवर्षे ठराव केले. स्वातंत्र्यानंतर १९५९ साली नवा शस्त्र कायदा झाला आणि तो १ ऑक्टोबर १९६२ पासून अमलात आला. नव्या कायद्याने परवाना ठेवला, पण अधिकाऱ्याच्या मर्जीला लगाम घातला. परवाना का नाकारला, का रद्द केला, याची कारणे लेखी नोंदवण्याचे बंधन आले. अपिलाची सोय आली. आजचे सगळे वाद या लगामाभोवतीच फिरतात.

परवाना देणारा अधिकारी म्हणजे जिल्ह्यात जिल्हादंडाधिकारी. जिल्हाधिकारी आणि जिल्हादंडाधिकारी हा माणूस एकच, टोप्या दोन. पोलीस अधीक्षक अहवाल देतात, शिफारस करतात. परवाना देण्याचा वा काढून घेण्याचा अधिकार त्यांचा नाही. हा फरक लक्षात ठेवा, पुढे त्यावरच बरेच काही अवलंबून आहे.

रद्द करण्याची कारणे कायद्याच्या कलम १७ मध्ये आहेत. परवानेदाराला शस्त्र बाळगायला कायद्यानेच बंदी आली असेल, तो मनाने अस्थिर असेल किंवा कोणत्याही कारणाने अपात्र ठरत असेल, तर परवाना जाऊ शकतो. माहिती दडवून किंवा खोटी माहिती देऊन परवाना घेतला असेल, तरी जाऊ शकतो. परवान्यातल्या अटी मोडल्या तरीही. आणि सार्वजनिक शांतता किंवा लोकांची सुरक्षितता यांसाठी आवश्यक वाटले तर. प्रत्यक्षात बहुतेक आदेश या शेवटच्या कारणावर निघतात आणि बहुतेक भांडणेही त्यावरच होतात.

अटी मोडण्याचे प्रकरण तुलनेने सोपे. २०१६ च्या शस्त्र नियमांप्रमाणे सार्वजनिक ठिकाणी शस्त्र उगारायला, नाचवायला सक्त मनाई आहे. वरातीत, विजयाच्या मिरवणुकीत, वाढदिवसाला हवेत बार काढणे हा तर २०१९ च्या दुरुस्तीनंतर स्वतंत्र गुन्हाच आहे. दोन वर्षांपर्यंत कैद, किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. अशा माणसाने कोर्टात येऊन 'माझ्यावर अन्याय झाला' म्हणावे, तर वकिलाने आधी ती चित्रफीत पाहून घ्यावी हे बरे. वकील म्हणून माझे मत विचाराल तर अशा प्रकरणात याचिकेचा खर्च वाचवावा.

खरी गुंतागुंत आहे ती सार्वजनिक शांततेची. समजा, आपल्याकडचा एक ऊसतोड मुकादम आहे. कारखान्याकडून मिळालेली उचल गावोगाव मजुरांना वाटायची, रोकड घेऊन रात्री-अपरात्री फिरायचे, म्हणून त्याने वीस वर्षांपूर्वी परवाना घेतला. बंदुकीतून आजवर एक गोळी सुटलेली नाही. आता त्याचे भावकीशी बांधावरून भांडण झाले. दोन्हीकडून फिर्यादी झाल्या, मारहाणीचा गुन्हा दाखल झाला. भांडणात काठ्या होत्या, बंदूक घरात कपाटात होती. पोलिसांनी अहवाल दिला की याच्यावर गुन्हा दाखल आहे, परवाना रद्द करावा. झाला रद्द. हा आदेश टिकेल का?

या प्रश्नावर सर्वांत जास्त निकाल आले आहेत ते उत्तर प्रदेशातून. तिथे परवान्यांची संख्या आपल्यापेक्षा कितीतरी मोठी, तेव्हा खटलेही मोठ्या संख्येने. अलाहाबाद उच्च न्यायालयाने १९७२ साली मसिउद्दीन खटल्यात एक कसोटी घालून दिली आणि वकील मंडळी आजही ती काढून दाखवतात. न्यायालयाचे म्हणणे थोडक्यात असे. दोन माणसांत वैर आहे, एवढ्याने सार्वजनिक शांतता धोक्यात आली असे होत नाही. कायद्याने 'आवश्यक' हा शब्द वापरला आहे. त्या माणसाच्या वागण्यात, त्याच्याविरुद्धच्या पुराव्यात असे काहीतरी दिसले पाहिजे की त्याच्या हाती शस्त्र राहिल्याने लोकांच्या शांततेला धोका आहे, आणि तसा निष्कर्ष आदेशात लिहिला गेला पाहिजे. पुढच्या निकालांनी यात भर घातली. नुसता गुन्हा दाखल असणे, नुसता खटला चालू असणे पुरेसे नाही. 'हा उद्या शस्त्राचा गैरवापर करील' अशी शंकाही पुरेशी नाही, त्या शंकेला काही आधार हवा.

आता हेच उदाहरण थोडे बदलून पाहा. तोच मुकादम, तेच बांधाचे भांडण, पण यावेळी त्याने घरात जाऊन बंदूक आणली, समोरच्यावर रोखली आणि म्हणाला, "बघतोच आता." गोळी सुटली नाही. गुन्हा तोच, कदाचित कलमेही फारशी वेगळी नाहीत. पण आता शस्त्राचा त्या भांडणाशी संबंध आला. किंवा असे समजा की गुन्हा एक नाही, पाच आहेत, खंडणीचे आहेत, आणि साक्षीदार भीतीपोटी पुढे येत नाहीत असे पोलिसांनी तारीखवार दाखवले आहे. इथे बंदूक झाडावी लागतच नाही. ती कमरेला आहे हे गावाला माहीत असणे एवढेच काम करून जाते. असे मुद्देसूद मांडलेल्या आदेशात न्यायालय सहसा हात घालत नाही. म्हणजे गुन्ह्याचा नुसता क्रमांक कामाचा नाही. त्या गुन्ह्यातून लोकांच्या शांततेला काय धोका दिसतो, हे दोन ओळींत का होईना लिहावे लागते. आणि या दोन ओळी लिहिण्याचा कंटाळा, हे अनेक आदेश पडण्याचे कारण आहे.

दुसरी गोष्ट, म्हणणे ऐकून घेण्याची. कलम १७ मध्ये 'आधी नोटीस द्या' असे शब्द नाहीत. मग नोटीस कशाला, असे एखाद्या कार्यालयात म्हटले जाते. पण १९६७ साली सर्वोच्च न्यायालयाने ओरिसातल्या बीनापाणी देई या सरकारी डॉक्टरांच्या प्रकरणात सांगून ठेवले आहे की, प्रशासकीय आदेशाने एखाद्याचे नुकसान होणार असेल तर त्याला आधी बाजू मांडू दिली पाहिजे. त्यांचा वाद जन्मतारखेचा आणि त्यामुळे आलेल्या सेवानिवृत्तीचा होता, बंदुकीचा मुळीच नव्हता. पण तत्त्व सगळीकडे लागू झाले. तेव्हा कारणे दाखवा नोटीस द्यायची, तीत नेमके आरोप लिहायचे, पोलीस अहवालातल्या ज्या गोष्टींवर विसंबायचे त्या परवानेदाराला कळू द्यायच्या, त्याचे उत्तर घ्यायचे आणि त्या उत्तराचा आदेशात विचार करायचा. 'खुलासा समाधानकारक वाटला नाही' हे वाक्य आपल्या कार्यालयांत शिक्क्यासारखे वापरले जाते. का वाटला नाही, हे लिहिले नसेल तर त्या वाक्याला न्यायालयात काडीची किंमत नाही. तातडीच असेल तर कायद्यात परवाना ठराविक मुदतीसाठी निलंबित करण्याचाही मार्ग आहे. थेट रद्द करण्यापूर्वी अधिकाऱ्याने त्याचा विचार करायला हरकत नसते.

आता येतो मला सर्वांत महत्त्वाचा वाटणारा मुद्दा. निर्णय कोणी घेतला? यासाठी मुंबईतल्या एका सिनेमागृहाची गोष्ट सांगतो. वरवर बंदुकीशी काही संबंध नाही, पण प्रत्येक परवान्याच्या खटल्यात ती उपयोगी पडते. गोरधनदास भानजी या गृहस्थांना अंधेरीला सिनेमागृह बांधायचे होते. १९४७ साली मुंबईच्या पोलीस आयुक्तांनी त्यांना परवानगी दिली. त्यावर आरडाओरड झाली, प्रकरण सरकारपर्यंत गेले. त्याच वर्षी सप्टेंबरात आयुक्तांचे पत्र आले. आशय असा की, तुम्हाला दिलेली परवानगी रद्द करण्यात येत असल्याचे कळवण्याचा मला सरकारकडून आदेश आहे. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि १९५१ च्या नोव्हेंबरात निकाल लागला. न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी म्हटले की, परवानगी रद्द करण्याचा अधिकार नियमाने आयुक्तांना दिला होता. त्यांनी स्वतःची बुद्धी चालवून रद्द केली असती तर गोष्ट वेगळी. त्यांनी सरकारचा निरोप पोचवला. म्हणून परवानगी कायद्याने रद्द झालीच नाही.

या निकालाला सत्तर वर्षांहून अधिक काळ लोटला, पण त्यातला विंचू अजून जिवंत आहे. एखाद्या जिल्ह्यात मोठा गुन्हा घडतो, मोर्चे निघतात, विधानसभेत प्रश्न येतो, मंत्री म्हणतात परवाने रद्द करा. लोकांचा राग खरा असतो आणि मागणीही पुष्कळदा रास्त असते. पण कायद्याने जो अधिकारी ठरवला आहे त्याने प्रत्येक फाइल उघडून स्वतः ठरवले पाहिजे. पोलीस अधीक्षकांनी तीनशे नावांची यादी पाठवली तर तीनशे आदेश निघतील, पण प्रत्येक आदेशात त्या एकेका माणसाबद्दल स्वतंत्र विचार दिसला पाहिजे. छापील नमुन्यात नाव आणि गुन्हा क्रमांक भरून काढलेले आदेश न्यायालयात एका ओळीने पडतात, आणि त्या ओळीचा फायदा यादीतल्या सर्वांत धोकादायक माणसालाही तितकाच मिळतो. लोकांनी अधिकाऱ्यांकडे मागणी करताना 'झटपट' या शब्दावर भर देऊ नये असे मला वाटते. घाईत काढलेला आदेश ज्याच्याविरुद्ध असतो त्याच्याच पथ्यावर पडतो.

याच सिनेमागृहाच्या खटल्यात आणखी एक सूत्र आहे. आदेशात जी कारणे लिहिली, त्यांवरच तो उभा राहील किंवा पडेल. नंतर प्रतिज्ञापत्रात नवी कारणे जोडून चालणार नाही. १९७७ साली मोहिंदरसिंग गिल यांच्या निवडणुकीविषयीच्या खटल्यात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी हे सूत्र पुन्हा पक्के केले आणि आदेश काही मुरत ठेवून चव वाढणारे मद्य नव्हे, अशा अर्थाचा मिस्किल शेराही मारला. प्रत्यक्षात काय होते? आदेश असतो अर्ध्या पानाचा. याचिका दाखल झाली की सरकारी वकिलांच्या कार्यालयातून फोन येतो, मग धावपळ होते आणि तीस पानांचे प्रतिज्ञापत्र तयार होते, त्यात परवानेदाराची सगळी कुंडली असते. ती कुंडली वाचून न्यायमूर्तींनाही पटत असेल की माणूस ठीक नाही. पण ती आदेशात नव्हती. ही तीस पाने आधी लिहिली असती तर?

आता कोर्टात जायची वाट कशी ते सांगतो. जिल्हादंडाधिकाऱ्यांच्या आदेशावर पहिले अपील विभागीय आयुक्तांकडे, म्हणजे बीडकरांना छत्रपती संभाजीनगरला जावे लागते. मुदत तीस दिवसांची. उशीर झाला तर सबळ कारण द्यावे लागते. आदेशाची कारणे कळवलेली नसतील तर ती लेखी मागून घ्यावीत. सार्वजनिक हिताला बाध येईल असे वाटले तरच अधिकारी ती नाकारू शकतात. अपिलात अपीलकर्त्याचे म्हणणे ऐकून घेणे कायद्यानेच बंधनकारक आहे. अपील केले म्हणून मूळ आदेशाला आपोआप स्थगिती मिळत नाही, ती वेगळी मागावी लागते. आयुक्तांनीही नकार दिला की मग मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात रिट याचिका. अपील न करता थेट खंडपीठात गेले तर पहिलाच प्रश्न येतो की, अपिलाची सोय असताना इथे का आलात? नोटीसच दिली नाही, किंवा ज्याला अधिकार नाही त्याने आदेश काढला, असे काही असेल तर न्यायालय थेट याचिका ऐकू शकते. सर्वोच्च न्यायालयाने १९९८ साली व्हर्लपूल कंपनीच्या खटल्यात हे अपवाद स्पष्ट केले आहेत.

खंडपीठ काय करत नाही, तेही सांगितले पाहिजे. ते पुन्हा साक्षीपुरावा घेत नाही. 'मी जिल्हाधिकारी असतो तर काय केले असते' असा विचार न्यायमूर्ती करत नाहीत. पुढ्यातल्या सामग्रीवरून समंजस माणूस या निष्कर्षाला येऊ शकतो का, एवढे पाहतात. येऊ शकत असेल तर, दुसरा निष्कर्षही शक्य होता म्हणून आदेश बदलत नाहीत. सज्जन शेतकऱ्याची याचिका फेटाळली जाते ती इथे. त्याला वाटते कोर्टाने माझे ऐकलेच नाही. कोर्टाने ऐकलेले असते, पण आदेशात दोष सापडलेला नसतो.

इंग्लंडमध्ये तऱ्हा वेगळी आहे. तिथे पोलीसप्रमुखच परवाना देतात आणि काढून घेतात, आणि त्यावर क्राउन कोर्टात अपील होते. ते न्यायालय प्रकरण मुळापासून पुन्हा ऐकते आणि या माणसाच्या हाती बंदूक असावी का, हे स्वतः ठरवते. सोय मोठी वाटते. पण चूक तिथेही होते, आणि ती न्यायालयापर्यंत जाण्याआधीच होऊ शकते. प्लिमथ शहरातल्या एका तरुणाची शॉटगन आणि परवाना पोलिसांनी मारहाणीच्या प्रकारानंतर डिसेंबर २०२० मध्ये काढून घेतला होता. जुलै २०२१ मध्ये तो परत केला. ऑगस्टमध्ये त्याने आपल्या आईसह पाच जणांना गोळ्या घालून ठार केले आणि स्वतःलाही संपवले. २०२३ साली झालेल्या चौकशीत परवाना देण्याघेण्याच्या कामातल्या गंभीर त्रुटींवर बोट ठेवले गेले. तिथे कोणत्याही कोर्टाने बंदूक सोडवून दिली नव्हती, कार्यालयानेच दिली होती. म्हणून मी म्हणतो, कोर्टाकडे डोळे लावण्याआधी कलेक्टर कचेरीतल्या त्या फाइलकडे पाहा. धोका ओळखायची जागा तीच.

बरे, याचिका मंजूर झाली असे समजू. म्हणजे दुसऱ्या दिवशी बंदूक हातात? बहुतेक वेळा नाही. न्यायालय आदेश रद्द करते आणि प्रकरण फेरविचारासाठी परत पाठवते. नोटीस नीट द्या, म्हणणे ऐका, कारणांसह नवा आदेश काढा, असे सांगते. नवा आदेश पुन्हा रद्दचाच असू शकतो, आणि तो नीट लिहिला असेल तर टिकतो. वृत्तपत्रात मथळा येतो 'परवाना रद्दचा आदेश हायकोर्टाकडून रद्द', वाचणाऱ्याला वाटते सुटला. सुटलेला नसतो, पहिल्या पायरीवर परत आलेला असतो.

काही गैरसमज जाता जाता दूर करतो. एक म्हणजे चॅप्टर केस. शांतता राखण्यासाठी किंवा चांगल्या वर्तणुकीसाठी बाँड लिहून घेतला जातो, पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेखाली आणि १ जुलै २०२४ पासून नव्या नागरिक सुरक्षा संहितेखाली. लोक तिला किरकोळ समजतात. पण असा बाँड देण्याचा आदेश झाला की त्या मुदतीपुरती शस्त्र बाळगायला कायद्यानेच बंदी येते. हिंसेच्या किंवा नैतिक अधःपतनाच्या गुन्ह्यात कैदेची शिक्षा झाली असेल तर शिक्षा भोगून झाल्यावरही पाच वर्षे बंदी राहते. इथे अधिकाऱ्याला फारसे कारण शोधावे लागत नाही.

दुसरा गैरसमज निर्दोष सुटण्याचा. शिक्षा देणाऱ्या न्यायालयाने परवानाही रद्द केला असेल आणि अपिलात शिक्षा रद्द झाली, तर परवाना रद्द झाल्याचा आदेशही आपोआप निष्प्रभ होतो. कायद्यातच तसे आहे. पण जिल्हादंडाधिकाऱ्यांनी आपल्या अधिकारात रद्द केला असेल, तर खटल्यातून निर्दोष सुटल्याने परवाना आपोआप जिवंत होत नाही. निकालाची प्रत जोडून अर्ज करावा लागतो. पुराव्याअभावी सुटला की साक्षीदार फितूर झाल्याने सुटला, हेही अधिकारी पाहू शकतात.

आणि निवडणुकीच्या वेळी बंदुका जमा करायला लावतात, तो प्रकार रद्द करण्यातला नव्हे. सरसकट सगळ्यांनी आपापली शस्त्रे ठाण्यात आणून टाकावीत, असे फर्मान पूर्वी निघायचे. मुंबई उच्च न्यायालयाने २००९ साली त्याला आक्षेप घेतला. तेव्हापासून जिल्हादंडाधिकारी आणि पोलीस अधीक्षक यांची छाननी समिती बसते. जामिनावर असलेले, गुन्ह्यांचा इतिहास असलेले, पूर्वी दंगलीत, विशेषतः निवडणुकीच्या काळात, गुंतलेले अशांचा विचार करून कोणाचे शस्त्र जमा करायचे ते समितीने ठरवायचे असते. निवडणूक आयोगानेही हे मान्य करून सूचना काढल्या. बीडसारख्या जिल्ह्यात, जिथे एक निवडणूक संपते तोवर दुसरी येते, हे माहीत असलेले बरे. निकालानंतर शस्त्र परत मिळते, परवान्याला धक्का लागत नाही.

राहिला प्रश्न बंदुकीचा. परवाना रद्द झाल्याचा आदेश हाती पडला की त्या घटकेपासून शस्त्र घरात ठेवणे गुन्हा आहे. 'अपील केलेय, निकाल लागेपर्यंत राहू दे' हे चालत नाही. विनाविलंब जवळच्या पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक शस्त्रविक्रेत्याकडे शस्त्र आणि काडतुसे जमा करायची, आणि क्रमांकासह पावती घ्यायची. परवानाही परत करायचा. शस्त्र तुमच्या मालकीचेच राहते. परवाना पुन्हा मिळाला तर ते परत घेता येते. नाही मिळाला तर ज्याच्याकडे वैध परवाना आहे त्याला विकता येते आणि पैसे तुम्हाला मिळतात. परवानेदार वारला असेल तर हेच हक्क वारसांना आहेत. आजोबांची बारा बोअरची बंदूक माळ्यावर तशीच ठेवणाऱ्या घरांनी हे विशेष लक्षात घ्यावे. ठरलेल्या मुदतीत यातले काहीच केले नाही तर शस्त्र सरकारजमा होऊ शकते, पण तेही तीस दिवसांची कारणे दाखवा नोटीस दिल्यानंतरच. ती नोटीस घरी आली आणि कोणी सही करून घेतली तर तारीख मागच्या बाजूला पेन्सिलीने लिहून ठेवा. वकिलाकडे गेल्यावर तो पहिला प्रश्न तारखेचाच विचारील.